मंद डोळ्यांचा पुरावा

मनमाडसारख्या जंक्शनवर राहणाऱ्यांना हे वेगळे सांगायला नको, की गाडी नुसती सुटून भागत नाही. ती योग्य रुळावर जावी लागते आणि ठरल्या जागी थांबावीही लागते. शरीराच्या हालचालींचेही असेच आहे. हे उलगडण्याच्या इतिहासात एक मानाचे पान मुंबईचे आहे.

१८२४च्या सुमारास फ्रान्समध्ये फ्लूराँस यांनी कबुतरांवर प्रयोग केले. डोक्याच्या मागच्या बाजूचा लहान मेंदू काढला, तरी पक्ष्याची ताकद जात नसे. चालण्या-उडण्यातला मेळ मात्र जाई. १८७०मध्ये बर्लिनला फ्रिट्श आणि हिट्झिग यांनी कुत्र्याच्या मोठ्या मेंदूला ठरावीक जागी सौम्य वीज लावली, तेव्हा विरुद्ध बाजूचा पाय हलला. पुढे पहिल्या महायुद्धात गॉर्डन होम्स यांनी लहान मेंदूला जखमा झालेले सैनिक तपासले. हात उचलता येई, पण तो नेमक्या जागी थांबत नसे. हुकूम मोठ्या मेंदूचा, मापे लहान मेंदूची, अशी ही वाटणी.

मी कविता लिहितो. सगळे शब्द जागेवर असूनही लय गेली, की ओळ लंगडते. या रुग्णांचे तसेच होते.

मुंबईचे पान १९७१चे. जे. जे. रुग्णालयातले डॉ. नोशीर वाडिया आणि त्यांचे सहकारी स्वामी यांनी ‘ब्रेन’ या नियतकालिकात नऊ कुटुंबांची हकीकत मांडली. पिढ्यान्‌पिढ्या या घरांत माणसांची चाल लटपटे, जीभ जड होई. असे आजार आधीही ठाऊक होते. इथे वेगळे होते ते डोळे. एरवी आपली नजर एका वस्तूवरून दुसरीवर क्षणार्धात उडी घेते. या रुग्णांची नजर सावकाश सरकत जाई. या एका खुणेवरून वाडियांनी हा आजार वेगळा ओळखला. १९९६मध्ये त्याचे जनुक सापडले. ‘एससीए-२’ हे त्याचे आजचे नाव. १९९८मध्ये वाडियांनी सहकाऱ्यांसह अशा सहा भारतीय घराण्यांचा अभ्यास ‘ब्रेन’मध्येच मांडला. त्या मंद डोळ्यांना आता जनुकाचीही साक्ष मिळाली होती.

हा आजार बरा करणारे औषध अजून नाही. मग नाव कळून काय साधले? भर रस्त्यात झोकांड्या जाणाऱ्या माणसाला आपण सहज दारुडा ठरवतो. डॉक्टरांनी थोडे थांबून त्याच्या डोळ्यांत पाहिले, म्हणून हे नाव मिळाले. नाव मिळाले, की निदान त्या घरावरचा खोटा ठपका तरी पुसता येतो.