संकट, मुसीबत आणि बुहरान

आम्ही चंद्रपूर-गडचिरोलीकडचे मुसलमान दोन भाषांत सुस्कारे टाकतो. बाजारात ‘संकट आलं’ म्हणतो, घरी ‘मुसीबत आयी’ म्हणतो. अर्थ एकच धरतो. पण या शब्दांची मुळे वेगळी आहेत.

‘संकट’ हा संस्कृत शब्द. त्याचा जुना अर्थ अरुंद, दाटीचा. वळायलाही जागा नाही अशी चिंचोळी वाट म्हणजे संकट. आपल्या ‘अडचण’ शब्दातही जागेची तीच टंचाई आहे. ‘मुसीबत’ अरबी. नेमका येऊन लागणारा घाव, हा तिचा मूळ भाव. एकात माणूस कोंडला जातो, दुसरीत जखमी होतो. त्याने स्वतः काही करावे, असे दोन्ही शब्द सुचवीत नाहीत.

इंग्रजीतल्या ‘क्रायसिस’चे मूळ ग्रीक ‘क्रिसिस’. त्याचा अर्थ निवड, निवाडा. हिप्पोक्रेटसच्या परंपरेतील वैद्यांनी तो आजाराला लावला. इथून रोगी उठेल किंवा दगावेल, तो टप्पा म्हणजे क्रिसिस. दुसऱ्या शतकात गेलनने त्यावर ग्रंथ लिहिला. नवव्या शतकात बगदादच्या हुनैन इब्न इसहाक या ख्रिस्ती विद्वानाने तो अरबीत आणला. तिथे शब्द आला ‘बुहरान’. तो सिरियाक भाषेतला असून त्याच्या मुळाशी पारखण्याचा, कसोटीचा अर्थ आहे. युनानी हकीम बुहरानचे दिवस मोजत: सातवा, चौदावा. त्या दिवशी घाम फुटून ताप उतरला, तर रोगी वाचला. उर्दू वर्तमानपत्रांत बुहरान आजही रोज भेटतो, पण त्यातली कसोटी आम्ही विसरलो.

ती कसोटी आमच्याच मुलखात पाहायला मिळते. १९८०च्या दशकात गोदावरीवरील इचमपल्ली आणि इंद्रावतीवरील भोपालपटनम या धरणांत गावे व जंगल बुडणार होते. आदिवासी उभे राहिले. बाबा आमटे, लालश्याम शाह त्यांच्या सोबत होते. त्या जागृतीतून धानोरा तालुक्यातील मेंढा (लेखा) या गोंड गावाने एक रीत धरली. आधी अभ्यास करायचा, मग सर्वसहमतीने ठरवायचे. बहुमताने नव्हे, एकाचाही विरोध असेल तर पुन्हा बसायचे. २००६चा वनहक्क कायदा आल्यावर, २००९ मध्ये या गावाला सुमारे १,८०० हेक्टर जंगलावर सामूहिक हक्क मिळाला. २०११ मध्ये बांबूच्या वाहतूक परवान्याचे पुस्तकही ग्रामसभेच्या हाती आले. वाट अरुंदच होती. गावाने तिथे निवाडा केला.

आज एटापल्लीच्या सुरजागड डोंगरातून लोहखनिज निघते, चंद्रपूरच्या शेतशिवारात वाघ माणसे मारतो. आम्ही पुन्हा ‘संकट’ म्हणतो आणि थांबतो. हकीम मात्र बुहरानच्या दिवशी रोग्याच्या उशाशी जागा राहत असे. निवाड्याच्या दिवशी आम्ही कुठे असतो, हे आम्हीच स्वतःला विचारायला हवे.