चित्रसृष्टीतील स्त्रिया : पडद्यावर आधी, पडद्यामागे उशिरा

३ मे १९१३ रोजी मुंबईच्या कॉरोनेशन सिनेमॅटोग्राफमध्ये दादासाहेब फाळके यांचा ‘राजा हरिश्चंद्र’ प्रदर्शित झाला, तेव्हा पडद्यावर राणी तारामती होती. स्त्री मात्र नव्हती. जाहिराती देऊन, कलावंतिणींची मनधरणी करूनही फाळके यांना या भूमिकेसाठी स्त्री मिळाली नाही. अखेर ग्रँट रोडवरील एका उपाहारगृहात काम करणारे अण्णा साळुंके तारामती झाले. पुढे ‘लंकादहन’मध्ये (१९१७) याच साळुंके यांनी राम आणि सीता अशा दोन्ही भूमिका केल्या.

या घटनेनंतर तब्बल १०१ वर्षांनी, १० नोव्हेंबर २०१४ रोजी, सर्वोच्च न्यायालयाला याच मुंबईतील चित्रपटव्यवसायाला सांगावे लागले, की स्त्रीला रंगभूषाकार म्हणून काम करण्याचा हक्क आहे. पडद्यावर स्त्री आली ती लवकरच. पण तिच्या चेहऱ्याला रंग लावणारा हात स्त्रीचा असण्यास मात्र एक शतक लोटावे लागले. चित्रपटातील प्रतिनिधित्वाची चर्चा बहुतेक वेळा पडद्यावर दिसणाऱ्या चेहऱ्यांपुरती मर्यादित राहते. वस्तुतः हा प्रश्न प्रथम रोजगाराचा आहे. काम कोण करू शकतो आणि कोणाला दारातूनच परत पाठवले जाते, हे पाहिल्यावाचून तो उलगडत नाही.

आरंभीची पावले

फाळके यांच्या चित्रपटात स्त्रीला भूमिका मिळाली नसली, तरी चित्रपट घडवण्यात एक स्त्री पहिल्या दिवसापासून होती. सरस्वतीबाई फाळके यांनी दागिने विकण्यास संमती दिली, हे सर्वश्रुत आहे. त्यांनी कच्च्या फिल्मला भोके पाडण्याचे, रसायने कालवण्याचे आणि फिल्म धुण्याचे कामही केले, शिवाय सर्व मंडळींचा स्वयंपाक सांभाळला, याची आठवण मात्र क्वचितच काढली जाते. भारतीय चित्रपटाच्या तांत्रिक बाजूचा इतिहास लिहायचा, तर त्याचा आरंभ या माउलीपासूनच करावा लागेल.

‘राजा हरिश्चंद्र’पाठोपाठच्या ‘मोहिनी भस्मासुर’मध्ये दुर्गाबाई कामत यांनी पार्वतीची आणि त्यांची कन्या कमलाबाई यांनी मोहिनीची भूमिका केली. पतीपासून विभक्त झालेल्या दुर्गाबाई लहान मुलीला घेऊन फिरत्या नाटक मंडळीत काम करीत होत्या. स्त्रियांच्या भूमिका पुरुषांनीच करायच्या, हा त्या काळच्या मराठी रंगभूमीचा शिरस्ता. तो मोडणाऱ्या या मायलेकींना समाजाने सुखासुखी स्वीकारले नाही. याच कमलाबाई पुढे कमलाबाई गोखले म्हणून प्रसिद्ध झाल्या. अभिनेते चंद्रकांत गोखले हे त्यांचे पुत्र आणि विक्रम गोखले हे नातू.

दिग्दर्शनातही स्त्री फार उशिरा आली असे नाही. फातमा बेगम यांनी स्वतःची चित्रसंस्था काढून १९२६ मध्ये ‘बुलबुल-ए-परिस्तान’ दिग्दर्शित केला. त्यांना भारतातील पहिल्या स्त्री दिग्दर्शिका मानले जाते. ‘आलम आरा’ची (१९३१) नायिका झुबेदा ही त्यांचीच कन्या. प्रभातच्या ‘अयोध्येचा राजा’मध्ये (१९३२) दुर्गा खोटे यांनी तारामती साकारली आणि प्रतिष्ठित घरातील शिकलेली स्त्री चित्रपटात येऊ शकते, हे सिद्ध केले. तारामतीचीच भूमिका, पण साळुंके ते दुर्गाबाई हा प्रवास दोन दशकांत पूर्ण झाला होता. बॉम्बे टॉकीजच्या संगीतकार खुर्शीद मिनोचर-होमजी यांना मात्र पारशी समाजाच्या विरोधामुळे ‘सरस्वतीदेवी’ हे नाव घ्यावे लागले.

स्त्री आणि जात

स्त्रीला पडद्यावर प्रवेश मिळाला म्हणजे तो सर्व स्त्रियांना सारखाच मिळाला, असे समजण्याचे कारण नाही. याचे सर्वांत दाहक उदाहरण केरळमध्ये सापडते. मल्याळी भाषिकांचा पहिला चित्रपट ‘विगतकुमारन’ जे. सी. डॅनियल यांनी तिरुवनंतपुरममध्ये निर्माण केला. त्याची नायिका पी. के. रोझी ही दलित समाजातील तरुणी होती आणि पडद्यावर तिने उच्चवर्णीय नायर स्त्रीची भूमिका केली होती. एवढे निमित्त प्रेक्षकांतील काहींना पुरेसे ठरले. तिच्याविरुद्ध क्षोभ उसळला, तिचे घर जाळण्यात आल्याचे सांगितले जाते. रोझीला गाव सोडून तमिळ प्रदेशात जावे लागले आणि त्यानंतर ती चित्रपटात कधीच दिसली नाही.

डॅनियल यांच्या नावाने केरळ सरकारने पुढे चित्रपटक्षेत्रातील सर्वोच्च राज्य पुरस्कार सुरू केला. रोझीचे नाव सर्वसामान्यांपर्यंत पोहोचण्यास मात्र अनेक दशके जावी लागली. लक्षात घेण्याजोगी बाब ही, की रोझीने कोणताही कायदा मोडला नव्हता. कोणत्या जातीच्या स्त्रीने पडद्यावर काय व्हावे, याचा नियम कुठेही लिहिलेला नव्हता. तो सर्वांना ठाऊक होता, इतकेच.

कार्डाचा कारभार

मुंबईत मात्र नियम लिहिलेला होता. हिंदी-मराठी चित्रपटव्यवसायात प्रत्येक कामाची स्वतंत्र कामगार संघटना असते. प्रकाशयोजनेची वेगळी, ध्वनीची वेगळी, वेशभूषा-रंगभूषेची वेगळी. संघटनेचे सदस्यत्व म्हणजे ‘कार्ड’. कार्ड नसेल तर सेटवर काम मिळणे कठीण. मिळालेच, तर संघटनेचे लोक येऊन काम थांबवणार किंवा दंड करणार. कामगारांचे शोषण होऊ नये आणि पैसे बुडू नयेत यासाठी ही व्यवस्था उभी राहिली, आणि त्या दृष्टीने तिचे महत्त्व नाकारता येत नाही. पण जी संघटना दाराचे रक्षण करते, तीच दार बंदही करू शकते.

रंगभूषाकार आणि केशभूषाकार यांच्या संघटनेच्या नियमावलीत सदस्यत्वाची विभागणी सरळ होती : रंगभूषाकार पुरुष, केशभूषाकार स्त्रिया. मेकअपमन या शब्दात पुरुष गृहीतच आहे. मराठी सेटवर तर तो ‘मेकअपदादा’. स्त्रिया रंगभूषा करीत नव्हत्या असे नाही. कित्येक जणी केशभूषेचे कार्ड घेऊन रंगभूषा करीत, व्हॅनिटी व्हॅनच्या आत काम उरकत आणि तपासणी आली की लपत. श्रेयनामावलीत त्यांचे नाव येईलच, याची खात्री नसे. स्त्रियांना रंगभूषेत प्रवेश दिल्यास पुरुषांची उपजीविका जाईल, असा संघटनेच्या बाजूचा युक्तिवाद होता.

अमेरिकेत रंगभूषेचे रीतसर शिक्षण घेतलेल्या चारू खुराणा यांनी सदस्यत्वासाठी अर्ज केला, तो २००९ मध्ये फेटाळण्यात आला. कारणे दोन : अर्जदार स्त्री आहे आणि महाराष्ट्रात तिचे पाच वर्षांचे वास्तव्य नाही. राष्ट्रीय महिला आयोगाकडे दाद मागूनही मार्ग निघाला नाही, तेव्हा खुराणा आणि अन्य स्त्री रंगभूषाकार सर्वोच्च न्यायालयात गेल्या. न्या. दीपक मिश्रा आणि न्या. उदय लळित यांच्या खंडपीठाने नियमावलीतील ही दोन्ही कलमे रद्द ठरवली. कायद्यासमोर समानता, व्यवसायाचे स्वातंत्र्य आणि प्रतिष्ठेने जगण्याचा हक्क या राज्यघटनेतील तरतुदींशी ती विसंगत होती. आपण २०१४ मध्ये आहोत, १९३५ मध्ये नाही, याची आठवण न्यायालयाने सुनावणीदरम्यान करून दिली.

या निकालात आणखी एक मुद्दा महत्त्वाचा होता. ट्रेड युनियन कायद्याखाली नोंदलेली संघटना आपले अंतर्गत नियम स्वतः ठरवते. पण ते नियम राज्यघटनेच्या वर जाऊ शकत नाहीत, हे त्यातून स्पष्ट झाले. नोंदणी करून घेणाऱ्या शासकीय यंत्रणेने ही नियमावली इतकी वर्षे चालू दिली, याचीही जबाबदारी त्यामुळे अधोरेखित झाली.

न लिहिलेले नियम

लिहिलेला नियम न्यायालयात खोडता येतो. न लिहिलेल्या नियमाला कलम क्रमांक नसतो, म्हणून त्याच्याविरुद्ध दाद कुठे मागायची हाच प्रश्न पडतो. फेब्रुवारी २०१७ मध्ये केरळमध्ये एका अभिनेत्रीवर झालेल्या अत्याचारानंतर तेथील चित्रपटक्षेत्रातील स्त्रियांनी एकत्र येऊन ‘विमेन इन सिनेमा कलेक्टिव्ह’ ही संस्था स्थापन केली. त्यांच्या पाठपुराव्यामुळे राज्य सरकारने त्याच वर्षी न्या. के. हेमा यांच्या अध्यक्षतेखाली तीन सदस्यांची समिती नेमली. ज्येष्ठ अभिनेत्री शारदा आणि निवृत्त सनदी अधिकारी के. बी. वत्सलाकुमारी हे अन्य दोन सदस्य.

समितीने डिसेंबर २०१९ मध्ये अहवाल दिला. तो काही भाग वगळून जनतेसमोर आला ऑगस्ट २०२४ मध्ये, म्हणजे साडेचार वर्षांहून अधिक काळानंतर, आणि तोही राज्य माहिती आयोगाच्या आदेशामुळे. कामाच्या बदल्यात शरीरसुखाची मागणी, तक्रार करणाऱ्याचे काम बंद करण्याची ताकद असलेला मोजक्या पुरुषांचा गट, लेखी कराराचा अभाव अशा अनेक बाबी त्यात नोंदलेल्या आहेत. त्यांच्याइतकीच अंतर्मुख करणारी एक साधी नोंद आहे : बाह्यचित्रीकरणाच्या ठिकाणी स्वच्छतागृह नसल्याने स्त्रिया दिवसभर पाणी पिण्याचे टाळतात. स्त्रियांना मज्जाव असा फलक त्या ठिकाणी कुणी लावलेला नाही, पण तेथे स्त्रीही काम करणार आहे, याचा विचारही कुणी केलेला नाही.

दरम्यान, १७ मार्च २०२२ रोजी केरळ उच्च न्यायालयाने कलेक्टिव्हच्या याचिकेवर निर्णय देताना प्रत्येक चित्रपटाचे निर्मिती-पथक हे कामाचे ठिकाण आहे, असे मानले आणि २०१३ च्या लैंगिक छळ प्रतिबंधक कायद्यानुसार तेथे अंतर्गत तक्रार समिती असली पाहिजे, असे स्पष्ट केले. चित्रपटाचा सेट काही आठवड्यांचा असतो, मालक बदलत राहतो, मग तक्रार करायची कोणाकडे, या जुन्या प्रश्नाला निदान कागदोपत्री उत्तर मिळाले. ऑगस्ट २०२५ मध्ये मल्याळी कलाकारांच्या ‘अम्मा’ या संघटनेने श्वेता मेनन यांना अध्यक्षपदी निवडले. या पदावर येणाऱ्या त्या पहिल्या स्त्री ठरल्या.

मोजमाप कशाचे?

यशाच्या खुणाही कमी नाहीत. ‘गांधी’ चित्रपटाच्या वेशभूषेसाठी १९८३ मध्ये ऑस्कर मिळवणाऱ्या भानू अथैया या मूळच्या कोल्हापूरच्या. हा सन्मान मिळवणाऱ्या त्या पहिल्या भारतीय. सई परांजपे यांनी ‘स्पर्श’, ‘चश्मेबद्दूर’ आणि ‘कथा’मधून स्वतःची वाट निर्माण केली. पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटमध्ये शिकलेल्या पायल कपाडिया यांच्या ‘ऑल वुई इमॅजिन अ‍ॅज लाइट’ला २०२४ मध्ये कान महोत्सवात ग्रां प्री हा सन्मान मिळाला. मुंबईत राहणाऱ्या केरळच्या परिचारिका आणि रत्नागिरीकडची रुग्णालयातील स्वयंपाकीण अशा एरवी पडद्यावर न दिसणाऱ्या स्त्रिया त्याच्या केंद्रस्थानी आहेत. मोठ्या पडद्यावर ही व्यक्तिरेखा छाया कदम यांनी उभी केली.

परंतु शिखरे मोजून पायथ्याची स्थिती कळत नाही. व्यवसायाची खरी परीक्षा प्रकाशयोजना, ध्वनी, संकलन, रंगभूषा अशा कामांत कोण आहे, कोणत्या जातीतून आणि वर्गातून आले आहे, त्यांच्याकडे करार आहे का आणि तक्रार करण्याची जागा आहे का, यावरच होते. सरस्वतीबाईंनी फिल्म धुतली तेव्हा त्यांना कार्ड लागले नाही आणि श्रेयही मिळाले नाही. २०१४ च्या निकालाने कार्ड मिळवून दिले. सेटवर दिवसभर निर्धास्तपणे पाणी पिता येण्याची सोय अद्याप सर्वत्र व्हायची आहे.