तारावाची लढाई आणि भांगाची भरती



दुसऱ्या महायुद्धाचा विचार करतांना आपलें लक्ष सहजच मोठ्या राजधान्यांकडे आणि लक्षावधि सैन्यांच्या हालचालींकडे जातें. आज मी ज्या लढाईविषयीं बोलणार आहें, ती मात्र इतक्या लहान बेटावर झाली कीं, शाळेच्या नकाशांत तें ठिपक्यानेंहि दाखविलेलें नसतें. पॅसिफिक महासागरांत, विषुववृत्ताच्या किंचित् उत्तरेस, गिल्बर्ट बेटें नांवाचा समूह आहे. त्यांतील तारावा या कंकणद्वीपाच्या नैर्ऋत्य टोकाशीं बेशो नांवाचें बेट आहे. लांबी सुमारें दोन मैल, अधिकांत अधिक रुंदी अर्धा मैल, आणि उंची समुद्रसपाटीपासून जेमतेम १० फूट. या भूमीच्या पट्टीसाठीं नोव्हेंबर १९४३ मध्यें जें युद्ध झालें, तें ७६ तास चाललें, आणि तेवढ्या अवधींत दोन्ही बाजू मिळून सुमारें ५,७०० माणसें प्राणांस मुकलीं.

प्रथम तेथील भूगोल ध्यानांत घेतला पाहिजे. कारण या लढाईंत सेनापतींइतकाच भूगोलानेंहि भाग घेतला. मी शाळेंत शिकवीत असतांना कंकणद्वीपास पाण्यांत पडलेल्या बांगडीची उपमा देत असें. बांगडीचा कांहीं भाग पाण्यावर डोकावतो, तींच बेटें. बांगडीच्या आंत शांत, उथळ सरोवर. बाहेर अथांग महासागर. आणि बेटाच्या सभोंवार पाण्याखालीं पसरलेला पोंवळ्याच्या खडकाचा सपाट कट्टा. बेशोच्या उत्तरेस, म्हणजे सरोवराच्या अंगास, हा कट्टा ५०० ते ७०० यार्डपर्यंत पसरला होता. समुद्रावरून येणाऱ्या सैन्याच्या दृष्टीनें त्या कट्ट्यावर पाणी किती असेल, हा केवळ कुतूहलाचा विषय नव्हता. तो जीवनमरणाचा प्रश्न होता.

गिल्बर्ट बेटें त्या काळीं ब्रिटिश वसाहत होतीं. डिसेंबर १९४१ मध्यें जपाननें त्यांतील मकिन बेट घेतलें. ऑगस्ट १९४२ मध्यें अमेरिकनांनीं पाणबुड्यांतून सैनिक पाठवून मकिनवर एक छापा घातला. छाप्यानें अमेरिकेंत उत्साह वाढला खरा. परंतु त्याचा दुसरा परिणाम असा झाला कीं, या दूरच्या बेटांवरहि शत्रु येऊं शकतो हें जपानच्या ध्यानांत आलें. लौकरच बेशोवर जपानी सैन्य उतरलें. ऑक्टोबर १९४२ मध्यें तेथें अटकेंत असलेल्या २२ जणांची, म्हणजे न्यूझीलंडच्या १७ टेहळ्यांची व ५ नागरिकांची, हत्या करण्यांत आली. बेटावरील मूळ रहिवाशांस तेथून हलविण्यांत आलें, आणि मग तटबंदीचें काम सुरू झालें.

तें काम विलक्षण चिकाटीचें होतें. मध्यभागीं विमानतळ, सभोंवार माडाच्या ओंडक्यांची तीन ते पांच फूट उंचीची भिंत, पाण्यांत कांटेरी तारा व काँक्रीटचे अडथळे, आणि माडाचीं खोडें, वाळू व काँक्रीट यांच्या थरांनीं झांकलेले शेंकडों मोर्चे. आठ इंची चार मोठ्या तोफाहि तेथें होत्या. या तोफा सिंगापूर पडल्यावर इंग्रजांकडून हस्तगत केलेल्या होत्या, असें पुष्कळ वर्षें सांगितलें जात असे. परंतु त्या जपाननें १९०५ सालीं इंग्लंडकडूनच रीतसर विकत घेतल्या होत्या, हें पुढें सिद्ध झालें. बेटावरील एकंदर माणसें ४,५०० हून अधिक. त्यांपैकीं सुमारें २,६०० आरमारी सैनिक, व बाकीचे बांधकामाचे मजूर. आणि या मजुरांत सुमारें १,२०० कोरियन होते. कोरिया १९१० पासून जपानच्या अमलाखालीं असल्यामुळें, जें युद्ध त्यांचें नव्हतें, त्याच्या खंदकांत या बिचाऱ्यांना आणून टाकलें होतें. बेटाचा अधिकारी रिअर अॅडमिरल केइजी शिबाझाकी हा होता.

अमेरिकेस हें बेट कशासाठीं हवें होतें? जपानकडे जाणारा मध्य पॅसिफिकचा मार्ग मार्शल बेटांवरून जात होता, आणि त्या बेटांवर हल्ला करण्यापूर्वीं जवळचा विमानतळ पाहिजे होता. हें काम जनरल ज्यूलियन स्मिथ यांच्या दुसऱ्या मरीन डिव्हिजनकडे आलें. हें सैन्य न्यूझीलंडमध्यें विश्रांति घेत होतें. तेथून १ नोव्हेंबर १९४३ रोजीं तें सरावाच्या नांवाखालीं निघालें, आणि आपण कोठें चाललों आहोंत हें बहुतेकांस भर समुद्रांत कळलें.

दक्षिणेकडील किनारा अधिक मजबूत केलेला दिसल्यामुळें उत्तरेकडून, सरोवरांतून उतरावयाचें ठरलें. परंतु वाटेंत तो पोंवळ्याचा कट्टा होता. सैनिक वाहून नेणाऱ्या साध्या होड्यांना तरंगण्यास सुमारें चार फूट पाणी लागे. दुसरें साधन म्हणजे पट्ट्यांवर चालणाऱ्या जलस्थलगामी गाड्या. या गाड्या पाण्यांत पोहत व खडकावर चढत. पण त्या होत्या फक्त १२५. पहिल्या तीन तुकड्यांपुरत्याच त्या पुरणार होत्या. मागून येणाऱ्या सर्वांचा भरंवसा भरतीच्या पाण्यावर होता.

येथें आपण क्षणभर लढाई बाजूस ठेवून चंद्राकडे पाहूं. आपल्या कोंकणच्या किनाऱ्यावरील कोळ्याला हें शिकवावें लागत नाहीं. अमावास्येला व पौर्णिमेला सूर्य आणि चंद्र यांचें आकर्षण एका रेषेंत येतें, म्हणून पाणी उंच चढतें व खूप खालीं उतरतें. त्यास तो उधाण म्हणतो. अष्टमीच्या सुमारास हीं दोन आकर्षणें परस्परांशीं काटकोनांत येतात. भरती धड भरत नाहीं, ओहोटी धड ओसरत नाहीं. ही भांगाची भरती. हल्ल्याचा दिवस ठरला होता २० नोव्हेंबर. म्हणजे आपल्या पंचांगाप्रमाणें कार्तिक वद्य अष्टमीच्या आसपासचा.

ही गोष्ट योजना करणाऱ्यांस ठाऊक नव्हती काय? ठाऊक होती. या बेटांवर कित्येक वर्षें राहिलेले मेजर फ्रँक हॉलंड यांनीं स्पष्ट बजावलें होतें कीं, त्या दिवसांत कट्ट्यावर तीन फूटहि पाणी असणार नाहीं. दुसऱ्या कित्येक जाणत्यांचा अंदाज पांच फुटांचा होता. जनरल स्मिथ यांनीं दोन्ही बाजू ऐकून, होड्या तरंगण्याची शक्यता अर्धीअर्धी आहे असें धरलें, व कदाचित् पाण्यांतून चालत जावें लागेल अशी सैनिकांस आगाऊ कल्पना दिली. तारीख मात्र बदलली नाहीं. एक बेट लांबलें कीं पुढील सर्व मोहिमा लांबणार होत्या.

२० नोव्हेंबरच्या पहाटेपासून आरमाराचा भडिमार सुरू झाला. सुमारें तीन तासांत ३,००० टनांच्या आसपास दारूगोळा त्या चिमुकल्या बेटावर पडला. धूर आणि ज्वाळा पाहून आतां तेथें कांहींच जिवंत उरलें नसेल, असें जहाजांवरील पुष्कळांस वाटलें. पण समुद्रावरून सपाट मारा करणारे गोळे वाळूनें झांकलेल्या मोर्च्यांवरून घसरून जात. त्यांत उतरण्याची वेळ अर्ध्या तासानें लांबली, पण तोफा मात्र गाड्या किनाऱ्यास लागण्यापूर्वींच थांबल्या. तेवढ्या अवकाशांत जपानी सैनिकांनीं डोकीं वर काढलीं व दक्षिणेकडचे लोक उत्तरेकडे आणले.

पहिल्या गाड्या नऊनंतर थोड्याच वेळांत किनाऱ्यास लागल्या. मागच्या होड्या मात्र कट्ट्याच्या कडेस येऊन अडकल्या. हॉलंड यांचें म्हणणें खरें ठरलें होतें. मग सैनिक होड्यांतून उतरले, आणि डोक्यावर बंदुका धरून, कमरेइतक्या व कोठें छातीइतक्या पाण्यांतून, यंत्रतोफांच्या माऱ्यांत चालूं लागले. धांवतां येत नव्हतें, आडोसा नव्हता, आणि मागें फिरण्यासहि जागा नव्हती. किनाऱ्यापर्यंत जे पोंचले ते त्या ओंडक्यांच्या भिंतीखालीं दाटीनें पडून राहिले. सरोवरांत शिरलेल्या लांब धक्क्यावरील शत्रु हुसकून लावण्याचें काम लेफ्टनंट विल्यम डीन हॉकिन्स यांनीं केलें. दुसऱ्या दिवशीं ते जखमी होऊन मरण पावले, व पुढें बेटावरील विमानतळास त्यांचें नांव देण्यांत आलें.

किनाऱ्यावरील सैन्याचे अधिपति कर्नल डेव्हिड शूप होते. पायांत गोळ्यांचे तुकडे घुसले असतांहि त्यांनीं एका जपानी मोर्च्याच्या आडोशास आपलें ठाणें मांडलें. बहुतेक बिनतारी यंत्रें पाण्यानें निकामी झालीं होतीं, आणि ज्या ‘मेरीलँड’ युद्धनौकेवरून सर्व हुकूम सुटावयाचे, तिचीं यंत्रें तिच्याच तोफांच्या धक्क्यानें बंद पडत होतीं. रात्र पडली तेव्हां सुमारें ५,००० सैनिक उतरलेले होते, व त्यांपैकीं सुमारें १,५०० ठार वा जखमी झालेले होते. ताब्यांत आलेली भूमि म्हणजे वाळूचे दोन-तीन अरुंद तुकडे.

त्या रात्रीं जपान्यांनीं जोराचा प्रतिहल्ला केला असता, तर निकाल उलटण्याचा फार संभव होता. पण तो हल्ला झालाच नाहीं. दुपारीं शिबाझाकी यांनीं आपला काँक्रीटचा तळ जखमींसाठीं मोकळा करून दिला, आणि ते सहकाऱ्यांसह दुसरीकडे निघाले असतां जहाजांवरील तोफांच्या माऱ्यांत मारले गेले. टेलिफोनच्या ताराहि भडिमारानें तुटल्या होत्या. बेटावरील प्रत्येक मोर्चा शूर होता. पण त्यांस एकत्र हालविणारें कोणी उरलें नव्हतें.

दुसऱ्या दिवशीं सकाळीं ताजी तुकडी त्याच कट्ट्यावरून, तसाच मारा सोशीत आली. दुपारच्या सुमारास मात्र पाणी चढूं लागलें. मेजर मायकेल रायन यांनीं विस्कळित झालेल्या तुकड्या एकत्र करून पश्चिम किनारा मोकळा केला, आणि त्या वाटेनें संध्याकाळीं नवें सैन्य फारशी हानि न होतां उतरलें. तिसऱ्या दिवशीं एकेक मोर्चा दारूगोळ्यानें व ज्वालाक्षेपक यंत्रांनीं नष्ट करण्यांत आला. त्या रात्रीं उरलेल्या जपान्यांनीं अखेरचे आत्मघातकी हल्ले केले, व २३ नोव्हेंबरच्या दुपारीं बेट ताब्यांत आल्याचें जाहीर झालें. अमेरिकेचे हजाराहून अधिक लोक मरण पावले, व दोन हजारांहून अधिक जखमी झाले. बेटावरील लोकांपैकीं जिवंत सांपडले फक्त १४६. त्यांत जपानी सैनिक १७ व कोरियन मजूर १२९.

या वार्तेनें अमेरिकेंत मोठी खळबळ उडाली. एवढ्याशा बेटासाठीं एवढीं माणसें कां, असा प्रश्न मातापित्यांनीं विचारला. तेथें घेतलेली चित्रफीत दाखवावी कीं नाहीं, असा विचार पडला. पाण्यावर तरंगणारीं प्रेतें तींत दिसत होतीं. अखेर अध्यक्ष रूझवेल्ट यांच्या संमतीनें ती १९४४ मध्यें लोकांपुढें आली. लष्करानें मात्र लगेच धडा घेतला. जलस्थलगामी गाड्यांची संख्या वाढली. भडिमाराचा काळ व कोन बदलला. किनाऱ्याजवळील पाणी आधीं पाहून अडथळे उडविणारीं पथकें निर्माण झालीं. १९४४ च्या आरंभीं क्वाजालीन घेतांना सुमारें ८,००० जपानी पडले, पण अमेरिकनांचे मृत ४०० हून कमी होते. तरीहि वाद मिटला नाहीं. तारावा घेण्याचें कारणच नव्हतें, असें जनरल हॉलंड स्मिथ यांनीं युद्धानंतर लिहिलें. तें आवश्यक होतें, असें अॅडमिरल निमिट्झ यांचें मत होतें.

१९८७ सालीं डोनाल्ड ओल्सन या अमेरिकन शास्त्रज्ञानें या भरतीचें गणित नव्यानें मांडून दाखविलें. त्या दिवशीं केवळ भांगच होता असें नाहीं. चंद्र पृथ्वीपासून आपल्या कक्षेंतील अतिदूर बिंदूच्या जवळ होता, व त्यामुळें त्याचें आकर्षण आणखीच क्षीण झालें होतें. असा योग वर्षांत क्वचितच येतो. हें वाचून कोणास वाटेल कीं, दोष चंद्राचा. परंतु चंद्र आपल्या वाटेनेंच चालला होता. कट्ट्यावर पाणी कमी असेल हें एका जाणत्यानें सांगितलें होतें, व ऐकणाऱ्यांनीं तें ऐकलेंहि होतें. त्यांनीं धोका पत्करला तो अज्ञानानें नव्हे, तर हिशेबानें. आणि त्या हिशेबांतील शिल्लक त्या कट्ट्यावरून चालणाऱ्यांनीं भरली. सेनापतींस असे निर्णय करावेच लागतात, हें मी नाकारीत नाहीं. पण ‘दैव फिरलें’ असें म्हणून इतिहासानें ते झांकूं नयेत.

आज तीं बेटें किरिबाती या राष्ट्रांत मोडतात. तें राष्ट्र १२ जुलै १९७९ रोजीं स्वतंत्र झालें. बेशोवर आतां दाट वस्ती आहे. गंजलेल्या तोफा किनाऱ्यावर उभ्या आहेत, आणि घरांच्या पायांखालून, रस्त्यांखालून अद्याप अस्थि सांपडतात. घाईनें पुरलेल्या सैनिकांच्या कित्येक कबरींचा पत्ताच युद्धानंतर लागला नव्हता. २०१५ सालीं त्यांतील एक मोठी रांग सांपडली, आणि ७० हून अधिक वर्षांनीं कांहीं घरांस आपला मनुष्य परत मिळाला. ज्या भूमीची उंची १० फूट, तिला वाढत्या समुद्राचें भय आहे, आणि तेथील लोकांस पाण्याच्या पातळीचा हिशेब पुन्हां एकदां मांडावा लागत आहे. त्यांना कोणी वेळेवर सांगितलें नाहीं, असें मात्र या खेपेसहि म्हणतां येणार नाहीं.