कलदाराची चांदी

१७. कलदार : शेंदूरजनाघाटच्या (ता. वरुड, जि. अमरावती) ज्या गाठोड्याचा मूळ मजकुरात उल्लेख आहे, त्यातले कलदार म्हणजे चांदीचे रुपये. १८३५च्या कायद्याने रुपयाचे वजन १८० ग्रेन, म्हणजे ११.६६ ग्रॅम ठरले. बारा भागांत अकरा भाग शुद्ध चांदी. १९४०पासून चांदी निम्म्यावर आली, १९४७ला रुपया निकेलचा झाला. आता चांदीविषयी : तिचा अणुक्रमांक ४७. तिची संज्ञा ‘एजी’ ही ‘अर्जेंटम’ या लॅटिन नावावरून. निसर्गातली चांदी दोन स्थिर समस्थानिकांची मिळून होते : चांदी-१०७ सुमारे ५२ टक्के, चांदी-१०९ सुमारे ४८. प्रोटॉन दोघींत ४७च. न्यूट्रॉन मात्र ६० आणि ६२. त्यामुळे सरासरी अणुभार १०७.८७ भरतो, पण १०८ भाराचा चांदीचा स्थिर अणू नाहीच. चांदी-१०८ तयार केली तर अडीच मिनिटांच्या आत निम्मी विरते. दोन्ही स्थिर समस्थानिकांचे रासायनिक वागणे जवळपास सारखेच. गाठोड्यातल्या नाण्यांवरचा काळा थर हवेतल्या गंधकाच्या संयुगांमुळे चढलेला चांदीचा सल्फाइड आहे. काळ्या पडलेल्या कलदाराला खोटा समजू नये. आधी त्यावरचे साल वाचावे. — संपा.