ॲपच्या आधीचं मोजमाप
मधुमेहाच्या ॲपवर संशोधन करणार असाल, तर सुरुवात स्मार्टफोनपासून करू नका. १९६९ च्या अमेरिकेत चला. रिचर्ड बर्नस्टीन हे इंजिनिअर, बाराव्या वर्षापासून मधुमेही. रक्तातली साखर मोजणारं यंत्र तेव्हा रुग्णांना मिळतच नसे. त्यांनी ते डॉक्टर पत्नीच्या नावावर घेतलं. दिवसातून अनेकदा साखर मोजायची, त्यानुसार इन्सुलिन नि जेवण बदलायचं. आजची ॲप्स तरी वेगळं काय करतात? त्यांचा लेख मात्र वैद्यकीय नियतकालिकांनी नाकारला. मग गड्याने पंचेचाळिशीच्या आसपास थेट मेडिकल कॉलेज गाठलं! टाईप १ मध्ये साखर काटेकोर राखली की डोळ्यांची, मूत्रपिंडांची हानी घटते, हे डीसीसीटी चाचणीने दाखवलं १९९३ मध्ये. तुमच्या प्रश्नावलीत ‘ॲप वापरता का?’ असेलच. त्याखाली हेही विचारा: आकडा दिसल्यावर डोस बदलायचं कोण ठरवतं?