ध्यान, योग आणि बीपीची गोळी: संशोधन काय सांगते?

मारेगावसारख्या कापसाच्या तालुक्यात बीपीची गोळी, कंबरदुखी आणि कर्जाची काळजी अनेक घरांत एकत्रच नांदतात. विहारात ध्यानाचा विषय निघाला की "याने बीपी-शुगर जाते का?" हा प्रश्न हमखास येतो. आपल्यातलेच काही उत्साही कार्यकर्ते 'हो' म्हणून मोकळे होतात. म्हणून संशोधनात प्रत्यक्ष काय आढळले, ते आम्ही इथे मांडत आहोत.

हा शोध महाराष्ट्राला नवा नाही. स्वामी कुवलयानंदांनी १९२४ साली लोणावळ्यात कैवल्यधाम स्थापन केले आणि योगक्रियांचे शरीरावरील परिणाम प्रयोगशाळेत तपासले. ध्यानाबाबतचा मोठा आढावा मात्र २०१४ चा, अमेरिकेतील जॉन्स हॉपकिन्स विद्यापीठाच्या संशोधकांचा. त्यात ४७ चाचण्या आणि ३,५१५ लोक होते. चिंता, नैराश्य आणि वेदना थोड्या कमी झाल्याचा मध्यम दर्जाचा पुरावा मिळाला. झोप, वजन, व्यसन यांबाबत तसा पुरावा मिळाला नाही. औषधे किंवा व्यायामापेक्षा ध्यान सरस, असेही दिसले नाही.

जुनाट कंबरदुखीवर योगाचा २०१७ चा आढावा १२ चाचण्यांचा. व्यायाम न करणाऱ्यांच्या तुलनेत योग करणाऱ्यांची हालचाल ३ ते ६ महिन्यांत थोडी सुधारली. काहींची कंबर उलट जास्त दुखली, हेही त्यात नोंदले आहे.

सत्यनारायण गोयंका यांची गोष्ट साधकांना ठाऊक असते, पण तिचा अर्धाच भाग सांगितला जातो. अर्धशिशीने बेजार होऊन ते १९५५ मध्ये ब्रह्मदेशात सयाजी ऊ बा खिन यांच्याकडे गेले. केवळ दुखणे घालवायला आला असाल तर शिकवणार नाही, असे सयाजींनी आधी सुनावले. इगतपुरीचे धम्मगिरी त्यानंतर बऱ्याच वर्षांनी, १९७६ चे.

ध्यानाने त्रासही होऊ शकतो. ८३ अभ्यासांच्या २०२० मधील आढाव्यात सुमारे ८ टक्के लोकांना तो झाला, बहुतेक चिंता आणि नैराश्याच्या रूपात. गंभीर मानसिक आजार असलेल्याला दहा दिवसांच्या शिबिराला पाठवण्याआधी त्याच्या डॉक्टरांना विचारलेच पाहिजे.

आणि शेजारच्या अमरावती जिल्ह्यातला अनुभव तर आम्हाला सगळ्यात मोलाचा वाटतो. तिथल्या ३० गावांत 'विश्राम' प्रकल्पाचे कार्यकर्ते नैराश्याविषयी लोकांशी बोलत राहिले. मदत घेणाऱ्या नैराश्यग्रस्तांचे प्रमाण १८ महिन्यांत ४.३ टक्क्यांवरून २७.२ टक्क्यांवर गेले. हे काम आपल्या विहारांनाही जमण्यासारखे आहे. आनापान जरूर शिकवा, पण कुणाची गोळी बंद करू नका. आणि टेलिमानसचा १४४१६ हा मोफत क्रमांक विहाराच्या फलकावर लिहून ठेवा.