पाठांतर मोडणारा खेळ

निन्टेन्डोचा ‘अ लिंक टू द पास्ट’ १९९१ साली जपानमध्ये आला. कोणत्या पेटीत काय दडलंय, हे खेळणाऱ्यांना पुढे तोंडपाठ झालं. मग हौशी प्रोग्रामरांनी त्या वस्तूंच्या जागाच बदलणारा रँडमायझर लिहिला.

मांडणी सोपी आहे. जुन्या यंत्राची नक्कल करणारा एमुलेटर संगणकावर घ्यायचा. खेळाची जपानी पहिली आवृत्ती मात्र ज्याची त्याने आणायची. हक्क निन्टेन्डोचे, म्हणून रँडमायझर फक्त बदल पुरवतो. हा काटेकोरपणा मला आवडतो. प्रत्येक मांडणीला ‘सीड’ असतो. तोच सीड घेऊन दोघं शर्यत लावू शकतात.

खरी करामत पुढे आहे. हुकशॉटशिवाय ओलांडता न येणाऱ्या दरीपलीकडेच एकुलता एक हुकशॉट ठेवला, तर खेळ अडला! म्हणून एखादी वस्तू ठेवताना प्रोग्राम बघतो: ती सोडून बाकी उरलेल्या सगळ्या वस्तू हाताशी असत्या, तर कुठवर पोचता आलं असतं? तेवढ्याच जागांत ती ठेवायची. नकाशा जुनाच, पण पाठ केलेली उत्तरं इथे चालत नाहीत. कुठून कुठे आणि कशाच्या जोरावर, हे कळावं लागतं. गाईडवर विसंबणारी पोरं रोज बघणाऱ्या माझ्यासारख्या मास्तराला याचं अप्रूप वाटणारच.

हौशींनी १९९४ चा ‘सुपर मेट्रॉइड’ही याला जोडलाय. तिथल्या सॅमसचं क्षेपणास्त्र आता लिंकच्या पेटीत सापडतं.